बोटीचं गाणं

“आणखी पंचवीस मिनिटं. मग हा फोन काढून टाकायचा,” मालक दारातूनच म्हणाले आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे बोट दाखवून गेले. जसं काही तिला घड्याळच कळत नव्हतं!

रेडिओ स्टेशन ते केवढं? दोन खोल्या आणि गच्चीवर एक मनोरा. गाणी सगळी जुनी. उद्यापासून ती कॉम्प्युटर आपोआप लावणार होता. त्याला चहा लागत नाही, रजा लागत नाही आणि फोन तर तो घेतच नाही. सगळं गाव जिला रेडिओताई म्हणायचं ती सोळा वर्षांच्या नोकरीनंतर आज घरी बसणार होती. नोकरी गेल्याचं वाईट वाटत होतंच, खोटं कशाला बोला? पण तिचा जीव टांगणीला लागला होता तो या फोनपायी.

तिचा दादा एकोणिसाव्या वर्षी वडिलांशी कडाकडा भांडून घरातून गेला. “पुन्हा तोंड दाखवू नकोस,” असं वडील रागात बोलून गेले आणि पठ्ठ्यानं ते शब्दशः पाळलं. ती तेव्हा अकरा वर्षांची होती. पुढे वडीलही गेले. ते तरी त्याला कळलं की नाही, देव जाणे. आई मात्र अजून रोज संध्याकाळी विचारायची, “आला का गं फोन?” कोणाचा, ते सांगावं लागत नसे.

नोकरीच्या पहिल्याच आठवड्यात तिनं माइकवरून दादाला नावानं हाक मारली होती. मालकांनी चांगलंच झापलं. “हे गाण्याचं स्टेशन आहे, हरवलेल्यांची चौकी नाही!” तेव्हापासून ती रोज एकदा त्यांच्या घरातलं लाडकं गाणं लावायची, बोटीचं. त्याला मालक तरी काय म्हणणार?

ते पहिल्यांदा लावलं तेव्हा तिचीच फजिती झाली होती. “अहो काका, रेकॉर्ड खराब आहे!” ती ओरडली आणि स्टेशनचे इंजिनिअरकाका पोट धरून हसले. रेकॉर्ड चांगली ठणठणीत होती. खराब होती ती घरची. दादानं लहानपणी ती चाक म्हणून अंगणभर पळवली होती, त्यामुळे तिच्यावर हा एवढा चरा. मधल्या वादळाच्या दोन ओळींवर सुई यायची आणि टुणकन पुढे उडी मारायची. गाण्यात वादळ आहे, हे तिला बाविसाव्या वर्षी कळलं.

फोन वाजला. तिनं झडप घालून उचलला.

“नळाला पाणी कधी येणार?” एका आजींनी विचारलं.

“आजी, हा रेडिओ आहे!”

मग एका शिंप्याला रुसलेल्या बायकोसाठी गाणं हवं होतं. मग कोणीतरी नुसतंच “सवय झाली होती हो तुमची” म्हणून फोन ठेवला. तिला कोणाशी धड बोलवेना. ती उठली, बसली, गार झालेला चहा तोंडाला लावून परत ठेवला. दहा मिनिटं उरली होती. आजचं बोटीचं गाणं सकाळीच होऊन गेलं होतं आणि एक गाणं दिवसात एकदाच, हा मालकांचा नियम. गेला खड्ड्यात नियम, म्हणत तिनं ते पुन्हा लावलं.

गाणं संपता संपता मालक तणतणत आत आले. “शेवटच्या दिवशी तरी ऐकायचं होतं! बास झालं आता.” ते टेबलाखाली वाकले आणि त्यांनी फोनची वायर धरली.

तेवढ्यात फोन वाजला.

“घेऊ नका,” मालक खालून म्हणाले. तिनं घेतला.

“रेडिओताई का?” आवाज घोगरा होता, मागे गाड्यांची घरघर. “मी ट्रकवाला. तुमच्या गावावरून चाललो होतो, टायर बसला म्हणून थांबलोय.”

“बोला, कुठलं गाणं लावू?” तिनं कंटाळून विचारलं.

“गाणं नको. तक्रार आहे. आत्ता लावलंत ते चुकीचं आहे. मधे वादळ कुठून घुसडलंत? लहानपणी शेकडो वेळा ऐकलंय मी. बोट निघते आणि सरळ पोचते.”

मालक वायर ओढणार, तोच तिनं त्यांचं मनगट घट्ट धरलं.

“पोचते,” ती म्हणाली. “पण फक्त आपल्याच घरी, दादा.”