लेकुरवाळी

"बाटली धरायला माझी हत्तीण? खुंटी वाटली का तुम्हाला ती?"

लाकूड कोरणारा म्हातारा इन्ता उखडलाच. गाव त्याला लुंग, म्हणजे काका, म्हणायचं. दारात हत्तीछावणीच्या डॉक्टरीणबाई विलाई उभ्या होत्या. मागे ट्रकमध्ये तीन आठवड्यांचं पिल्लू. त्याची आई दरडीवरून कोसळून मेली होती. चार दिवस ते दुधाला तोंड लावत नव्हतं.

"लुंग, त्याला टेकायला आईचं अंग हवंय हो. छावणीतल्या हत्तिणी त्याला हुसकावतात. आजचा दिवस काढेल असं दिसत नाही."

सागाचे ओंडके जोडून घडवलेली ती हत्तीण खऱ्या हत्तिणीएवढी होती. चौदा महिने इन्ता तिच्यापाशीच जेवला, तिच्यापाशीच निजला. सणालासुद्धा तो देवळाकडे फिरकला नाही. कानावरची शीर न् शीर, गुडघ्याची सुरकुती न् सुरकुती त्यानं एकट्यानं कोरली होती. तिला हात लावायची गावात कुणाची टाप नव्हती. उद्या बँकॉकच्या हॉटेलचा माणूस तिला न्यायला येणार होता.

ट्रकमधून पिल्लाचा आवाज आला. हत्तीचा वाटावा असा नव्हताच तो.

इन्तानं हातातली पटाशी खाली ठेवली. "उतरवा त्याला."

पिल्लू लटपटत आलं. सोंडेनं लाकडी पाय चाचपला, मग सरळ पोटाखाली शिरलं आणि अंग टेकून उभं राहिलं. विलाईंनी बाटली पुढे केली. त्यानं ती झिडकारली. पुन्हा केली, पुन्हा झिडकारली.

"द्या इकडे," इन्ता म्हणाला.

तो वाकून हत्तिणीखाली बसला. पुढच्या दोन पायांमधून, आईचे सड असतात तिथून, त्यानं बाटली पिल्लाच्या तोंडाशी धरली. पिल्लानं सोंड वर करून लाकडावर टेकवली. डोळे मिटले. आणि घटाघटा प्यायला लागलं. चकाकत्या लाकडावरून दुधाचे ओघळ आले. इन्तानं ते पुसले नाहीत.

दुसऱ्या दिवशी हॉटेलचा माणूस आला नि कपाळाला हात लावून उभा राहिला. "अहो लुंग, हे काय करून ठेवलंत! दूध काय, चिखल काय! पुसून घ्या पटकन, गाडी उभी आहे."

इन्ता छाती काढून हत्तिणीपुढे उभा राहिला.

"तुमच्यासाठी दुसरी घडवीन, साहेब. हिला पाठवता यायची नाही. लेकुरवाळी आहे ती."