पुलावरची उडी

"आई, बघ, बघ, कसा आपटला!" माझा मुकुंद मांडीवर थाप मारून हसत होता. जुन्या हेरपटांची टर उडवणारा सिनेमा होता. अख्खं थिएटर खदखदत होतं.

मध्येच एका कृष्णधवल सिनेमातला खराखुरा तुकडा जोडला होता. टोपीवाला हेर पुलावरून उडी मारतो आणि मागे शिट्टी वाजते. नायकाच्या बदली उडी मारणारे माझे यजमान होते. उडीआधी डावा खांदा झटकायची त्यांची सवय मी लगेच ओळखली. त्या उडीतून ते उठलेच नाहीत. तेव्हा मुकुंद पोटात होता. वडील एकदा तरी हलताना-चालताना दिसावेत म्हणून तो जन्मभर तोच जुना सिनेमा शोधत होता.

"आई, तू हसत का नाहीस?" त्याने हसून हसून डोळ्यांत आलेलं पाणी पुसत विचारलं.

मग मीही हसले.