दाखवायचं मडकं

सहलीची बस आली की कुंभार चाकावर बसायचा, पाहुण्यांसमोर मडकं घडवायचा आणि बस वळली की ते मोडून पुन्हा मातीचा गोळा करायचा. दुकानातली मडकी कारखान्यातून यायची. घरच्या भट्टीत बायकोच्या कोंबड्या नांदत होत्या. दहा वर्षं बिनबोभाट गेली. आज एक म्हातारी चाकापाशीच अडून बसली. “दुकानातलं नको, हेच हवं. भाजून ठेवा, पुढच्या महिन्यात न्यायला येते.” “आजी, हे नुसतं दाखवायला आहे,” गाइड म्हणाला. “म्हणजे? मडकं नाही का हे?” कुंभाराने गाइडकडे पाहिलं, गाइडने घड्याळाकडे. बस गेली. सवयीने कुंभाराचा हात मडक्यावर पडला, पण दाबवेना. त्याने ते दोऱ्याने चाकावरून सोडवून अलगद उचललं, दुकानात नेलं, अंगणात आणलं, भट्टीपाशी नेलं. कोंबड्या फडफडल्या. “अगं,” त्याने बावचळून बायकोला विचारलं, “ओली मडकी आपण कुठे ठेवायचो?”