हद्दीपलीकडची समाधी

गंगाखेडच्या कोर्टाच्या व्हरांड्यात राजेश्री वकिलीणबाईंनी मोजणीचा नकाशा बाकावर पसरला. लाल रेघ म्हणजे खरी हद्द, तुटक रेघ म्हणजे आजचा बांध. दोन रेघांच्या मध्ये एक छोटा चौकोन काढलेला होता.

"वैजीनाथनं तुमची जमीन खाल्लेली नाही, मावशी. तुमचाच बांध त्याच्या शेतात पाच फूट गेलाय. आणि ही समाधी..."

"म्हंजे आमचे मालक त्याच्या रानात बसलेत?" चन्नबसम्मांनी विचारलं.

राजेश्रीबाईंनी नकाशाची घडी घातली.

अकरा वर्षांपूर्वी चन्नबसम्मांच्या नवऱ्याला, कल्याणरावांना, राणीसावरगावच्या शेतात, घराण्याच्या रीतीप्रमाणे मांडी घालून बसवून माती दिली होती. दर सोमवारी चन्नबसम्मा तिथे भस्म लावून बेल वाहत. दोन वर्षांनी शेजारचा वैजीनाथ नांगरताना बांध कोरतो असं त्यांना वाटू लागलं. त्यांनी दावा लावला आणि मोजणी मागितली. वैजीनाथने नऊ वर्षं तिला हरकती घेतल्या. कधी पेरणी झालेली असे, कधी तो आजारी असे, कधी नोटीसच मिळालेली नसे. चन्नबसम्मा गावात सांगत, "खाल्लं नसतं तर मोजणीला एवढा भ्याला असता का?"

शेवटी मोजणी झाली. त्यांनीच मागून घेतलेल्या कागदाने त्यांच्या नवऱ्याला परक्याच्या रानात नेऊन ठेवलं. आता वैजीनाथ ताबा मागणार, यात त्यांना शंका नव्हती. नऊ वर्षं कोर्टात खेचलेला माणूस दुसरं काय करील? माती दिलेलं माणूस उकरून दुसरीकडे कसं बसवायचं, हे कुणाला विचारावं तेही त्यांना कळत नव्हतं.

पुकारा झाला. न्यायाधीशांनी अहवाल वाचून वैजीनाथकडे पाहिलं.

"अहवाल तुमच्या बाजूचा आहे. जागेचा ताबा हवा का?"

चन्नबसम्मांनी कठडा धरला.

"ताबा नको, साहेब," वैजीनाथ म्हणाला. "बांध हाय तिथंच ऱ्हाऊ द्या. फकस्त तेवढं कोर्टाच्या कागदावर लिहून द्या. माझ्या माघारी पोरांनी तिथं नांगर घालू नये."

"मग इतकी वर्षं मोजणी का अडवली?"

"मोजलं की कागदावर येतंय, साहेब. कागदावर आलं की पोरं मागत्यात."

न्यायाधीशांनी दोन्ही वकिलांना तडजोड लिहून आणायला सांगितलं. आजचा बांध हीच कायमची हद्द, समाधीला कुणी हात लावायचा नाही, एवढंच तीत होतं. दुपारपर्यंत सह्या झाल्या. चन्नबसम्मांनी कागद दोनदा वाचून घेतला, मग व्हरांड्यातल्या बाकावर बसून तांब्याभर पाणी एका दमात प्यायल्या. सकाळपासून त्यांनी पाण्याचा घोटही घेतला नव्हता.

वैजीनाथ बाकाच्या दुसऱ्या टोकाला येऊन टेकला.

"गावभर चोर केलंत मला, वैनी. आता चहा तरी पाजा."

"पाजते. दोन पाजते." त्यांना हसू आलं आणि डोळेही भरले. त्यांनी पदराने ते पुसले. "पर मोजणीचं मशीन तर गेल्या महिन्यात आलं. मालक तुमच्या रानात हायेत, हे तुमाला कवा कळलं?"



"मालकांचा खड्डा मीच खांदला, वैनी. कडेला हातभर खाली हद्दीचा दगड लागला. बघतो तर खड्डा माझ्या रानात. पर तवर मालक पालखीत बसून घरून निघाले होते. मी दगडावर माती लोटली."