हावरचं मरण

आइसलँडातल्या आमच्या खाडीचा सरदार ओर्नोल्फ आपल्या घराण्याच्या लढायांची कथा वासराच्या कातड्यावर लिहीत होता. एका दुपारी इंग्विल्ड तलवारधारी मुलाला घेऊन दारात आली. तिचा नवरा हावर, ओर्नोल्फचा मानलेला भाऊ, कुरणाच्या भांडणात ओर्नोल्फच्याच हातून मेला होता. “भावोजी, ह्यांचं मरण कसं लिहिलंत? वाचा.” “हावरनं गुडघे टेकून जिवाची भीक मागितली,” ओर्नोल्फनं वाचलं. मुलाची मान खाली गेली. “खरंच मागितली?” इंग्विल्डनं विचारलं. ‘हो’ म्हटलं असतं, तर दोघं खालमानेनं परत गेली असती. ओर्नोल्फनं लेखणी ठेवली. “नाही, वहिनी. हात रिकामे होते त्याचे. ‘दादा, पुरे आता,’ म्हणाला. मी वार केला.” मुलानं तलवार उपसली. इंग्विल्डनं हात धरला. “थांब. आधी त्यांना हे लिहू दे.” ओर्नोल्फनं जुनी ओळ खरवडून नवी लिहिली. “चल,” इंग्विल्ड म्हणाली. “आई, सूड?” “घेतला. भावोजींची नातवंडं हे वाचतील.”