मेलेल्या वासराचं कातडं

पहाटे डाकोटाच्या आमच्या माळावर लांडगे कळपात घुसले. मी बंदूक घेऊन पोचेपर्यंत हरामखोरांनी एक गाय आणि दुसरीचं वासरू मारलं होतं. मागे उरली ती हंबरणारी एक आई आणि भुकेलेलं एक पोरकं वासरू. पण ती गाय त्याला जवळ येऊ देईना, नुसत्या लाथा झाडत होती.

मग मी आम्हा गुरंवाल्यांचा जुना उपाय केला. मेलेल्या वासराचं कातडं सोलून पोरक्याच्या पाठीवर बांधलं. गायीनं हुंगलं, परत हुंगलं आणि त्याला चाटायलाच लागली.

ब्रिडी कुंपणावर बसून सगळं बघत होती. आमची लेक सिग्रिड घटसर्पानं गेली, त्यानंतर शहरातली अनाथ पोरं गावोगावी वाटत येणाऱ्या आगगाडीतून या पोरीला मीच घरी आणलं होतं. तीन आठवडे झाले, तरी माझी बायको थोरा तिच्याशी एक शब्द बोलली नव्हती.

"काका, हे वासरू आपलं नाही, हे गायीला कळलं नाही का?"

"वासाला भुलते गं बिचारी. चार दिवसांत माया जडते, मग कातडं काढलं तरी चालतं."

"आणि लाथ नाही मारत?"

"नाही मारत."

दुसऱ्या दिवशी सकाळी थोरा चुलीपुढे होती. ब्रिडी गुपचूप तिच्या अगदी जवळ जाऊन उभी राहिली.



पोरीच्या अंगात थोरानं पेटीत जपून ठेवलेला सिग्रिडचा निळा झगा होता, बाह्या दोनदा दुमडलेल्या.