खाली ठेवलेला कप

दमास्कसच्या तुरुंगातून न परतलेल्या आपल्या मुलाबद्दल अबू खलफ कॅमेऱ्यासमोर बोलेनात. मग मी त्यांची कडू कॉफी न पिता कप खाली ठेवला. दक्षिण सीरियातल्या आमच्या हौरानात पाहुण्याने कप ठेवला की त्याची मागणी असते. ती मान्य होईपर्यंत यजमानाची अब्रू कपात अडकते. “पक्की आहेस पोरी,” ते म्हणाले. “पी, बोलतो.” वीस वर्षं माहितीपट करतेय, हा डाव फसलेला नाही. कॅमेरा लावून नेहमीचं सांगितलं, “चाचा, लेन्सकडे नको, माझ्याकडे बघा.” समोर बसून त्यांनी स्वतःचाच कप खाली ठेवला. “कॅमेरा तुझा, म्हणजे त्याच्यासमोर पाहुणा मी. तुझा भाऊही तिथेच गेला ना? आधी तू बोल.” त्याच्याबद्दल मी कधीच बोलले नव्हते. आम्ही जागा बदलल्या. कॅमेऱ्यामागून आवाज आला, “लेन्सकडे नको, माझ्याकडे बघ.” मी भावाचं नाव घेतलं. त्यांनी कप उचलला.